भिंतीवरच्या तसबिरी आणि व्यक्तिचित्रे : वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बेळगाव, खानापूर, निपाणी, चिकोडी या पट्ट्यातील जुन्या मराठी घरांत सोप्याच्या भिंतीवर, वरच्या बाजूने थोड्या पुढे झुकवून टांगलेल्या तसबिरी अजून दिसतात. मी या भागात अनेक वर्षे चित्रकला शिकवली. त्यामुळे घर पाडताना, भावाभावांत वाटण्या होताना किंवा बाराव्यासाठी मोठा फोटो करून घ्यायचा असताना लोक या तसबिरी घेऊन माझ्याकडे येतात. त्यांनी पुन्हा पुन्हा विचारलेले प्रश्न आणि मला देता आलेली उत्तरे येथे एकत्र केली आहेत.

व्यक्तिचित्र कशाला म्हणावे? माणसाचे कोणतेही चित्र व्यक्तिचित्र असते का?

नाही. बाजारात भाजी विकणारी एक बाई काढली, तर ते बाजाराचे चित्र होते. तीच बाई अमुक गावची, अमुक नावाची म्हणून काढली आणि पाहणाऱ्याने तिला त्या नावाने ओळखावे अशी अपेक्षा ठेवली, की ते व्यक्तिचित्र झाले. चेहरा आणि नाव यांची गाठ हा या कलेचा गाभा आहे, आणि पुढची बहुतेक उत्तरे या गाठीपाशीच येऊन थांबतात.

आपल्या भागात या विषयाला दोन भाषांचे शब्द लाभले आहेत. ‘तसबीर’ हा शब्द फारसीच्या वाटेने मराठीत आला आणि काचेमागच्या चित्राला कायमचा चिकटला. कन्नडमध्ये माणसाच्या फोटोला ‘भावचित्र’ म्हणतात. सरकारी अर्जावर फोटो चिकटवण्याच्या चौकोनात हा शब्द प्रथम वाचणारा मराठी माणूस क्षणभर थबकतो, कारण आपल्या कानाला भावचित्र म्हणजे मनातील भावनेचे चित्र. मला तो शब्द फार मोलाचा वाटतो. नाकडोळे जुळले आणि भाव हुकला, तर घरची माणसे “हे आमचे आबा नव्हेत” असे लगेच सांगतात. कन्नडने ही गोष्ट शब्दातच बांधून ठेवली आहे.

ही कला किती जुनी आहे?

फार जुनी. इजिप्तमधील फायूम भागात इसवी सनाच्या पहिल्या ते तिसऱ्या शतकांत लाकडी फळ्यांवर मेणाच्या रंगांनी मृतांचे चेहरे रंगवून ते ममीच्या तोंडावर बांधत असत. अशी सुमारे नऊशे चित्रे आज ज्ञात आहेत. त्यांतील मोठ्या डोळ्यांची माणसे आजही आपल्याकडे थेट पाहतात, परंतु बहुतेकांची नावे हरवली आहेत.

आपल्याकडे याच्या नेमके उलट घडले आहे. जुन्नरजवळच्या नाणेघाटातील लेण्यात सातवाहन राजघराण्यातील व्यक्तींच्या प्रतिमा कोरलेल्या होत्या. सिमुक सातवाहन, राणी नागनिका, सातकर्णी अशी नावे वर ब्राह्मी लिपीत अजून वाचता येतात. प्रतिमा मात्र गेल्या. पावलांच्या खुणा तेवढ्या उरल्या. फायूमला चेहरे उरले, नाणेघाटाला नावे उरली. आपल्या ट्रंकेतील जुन्या फोटोंचे काय होणार, हा प्रश्न मला या दोन टोकांमध्ये उभा असलेला दिसतो.

वाङ्मयातही याचे दाखले आहेत. भासाच्या ‘प्रतिमा’ नाटकात आजोळाहून परतणारा भरत वाटेत दिवंगत पूर्वजांच्या प्रतिमांच्या घरात शिरतो, तेथे दशरथाची प्रतिमा पाहतो आणि वडील गेल्याचे त्याला त्या प्रतिमेवरून उमगते. उषेने स्वप्नात पाहिलेला तरुण कोण, हे शोधण्यासाठी तिची सखी चित्रलेखा एकेकाचे चित्र काढत जाते आणि अनिरुद्धाच्या चित्रापाशी उषा त्याला ओळखते, ही कथा तर आपण लहानपणी कीर्तनात ऐकलेली असते.

भारतीय कलेत हुबेहूबपणाला महत्त्व नव्हते, असे म्हणतात. ते खरे आहे का?

हे अर्धेच खरे आहे. देवादिकांच्या मूर्ती ठरलेल्या प्रमाणांनुसार घडवल्या जात हे बरोबर; परंतु विष्णुधर्मोत्तर पुराणातील चित्रसूत्रात सादृश्याची, म्हणजे साम्याची, चर्चा आहे. बाराव्या शतकात कल्याणचा चालुक्य राजा तिसरा सोमेश्वर याने ‘मानसोल्लास’ हा ग्रंथ रचला. हे कल्याण म्हणजे आजच्या कर्नाटकातील बसवकल्याण. आरशातील प्रतिबिंबासारखे साम्य ज्यात असते, त्या चित्राला या ग्रंथात ‘विद्ध’ असे स्वतंत्र नाव दिले आहे. ज्याला नाव द्यावेसे वाटले, तो प्रकार त्या काळी ठाऊक होता, एवढे यावरून निश्चित म्हणता येते.

त्याचबरोबर नाव कोरलेली प्रत्येक प्रतिमा त्या माणसासारखी असते, असेही समजू नये. कलबुर्गी जिल्ह्यातील कनगनहळ्ळीच्या स्तूपावर ‘रायो असोको’ अशी अक्षरे असलेला अशोकाचा शिल्पपट आहे. पण तो अशोकानंतर काही शतकांनी घडवलेला आहे. संत ज्ञानेश्वरांची किंवा बसवेश्वरांची जी चित्रे आपण पूजेत ठेवतो, तीही उत्तरकाळातील चित्रकारांनी भक्तीने कल्पिलेली आहेत. त्यामुळे त्यांचे मोल कमी होत नाही. मात्र ती पाहून त्या काळच्या चेहऱ्याविषयी निष्कर्ष काढता येत नाही.

आपल्या परिसरात व्यक्तिचित्राच्या जुन्या खुणा कोठे पाहता येतील?

गावोगावच्या वीरगळांपासून, म्हणजे लढाईत पडलेल्या वीरांच्या स्मारकशिळांपासून, सुरुवात करावी. खालच्या पट्टीत लढाई, मध्ये अप्सरांसह स्वर्गारोहण, वर शिवपूजा अशी त्यांची सर्वसाधारण मांडणी असते. त्यात चेहऱ्याचे साम्य नसते. तरीही एका विशिष्ट माणसाच्या मरणाची ती आठवण असल्यामुळे त्यांना व्यक्तिचित्राचे पूर्वज मानावे असे मला वाटते. देव्हाऱ्यातील पितरांचे टाक याच कुळातले आहेत.

धारवाड जिल्ह्यातील यादवाड गावी शिवाजी महाराजांचा एक शिल्पपट आहे. बैलहोंगल तालुक्यातील बेलवडीच्या मल्लम्मा राणीने तो करवून घेतला, अशी परंपरा आहे. त्यात महाराजांच्या मांडीवर मूल दाखवले असून ते मल्लम्माचे मूल असल्याचे सांगतात. जिच्याशी महाराजांच्या सैन्याची लढाई झाली तिनेच कृतज्ञतेने प्रतिमा करवून घ्यावी, ही या परंपरेतील गोष्ट मला फार हृदयस्पर्शी वाटते.

रंगचित्रांसाठी विजापूरकडे पाहावे लागते. दुसरा इब्राहिम आदिलशहा याच्या काळात, म्हणजे १५८० ते १६२७ या वर्षांत, तेथील दरबारी चित्रकारांनी व्यक्तिचित्रांना जी तरलता आणली तिला दख्खनमध्ये तोड नाही. दुर्दैवाने त्यांतील पुष्कळ चित्रे आज परदेशांतील संग्रहालयांत आहेत.

शिवाजी महाराजांचे विश्वसनीय चित्र आहे का?

आहे. सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात गोवळकोंड्याच्या शैलीत रंगवलेली महाराजांची चित्रे युरोपीय व्यापाऱ्यांबरोबर बाहेर गेली आणि तेथील संग्रहांत जपली गेली. इतिहास संशोधक वा. सी. बेंद्रे यांनी १९३३ साली डच साधनांतील चित्र लोकांसमोर आणले. त्याआधी भलत्याच व्यक्तीचे चित्र महाराजांचे म्हणून प्रचारात होते. ज्या राजाचे नाव घराघरांत घेतले जाते, त्याच्या बाबतीतही नाव आणि चेहरा यांची गाठ सुटू शकते, हे यातून ध्यानात येते.

जुन्या दरबारी चित्रांत माणसे एका बाजूने का दिसतात?

त्या चित्रकारांच्या भाषेत बाजूने दिसणाऱ्या चेहऱ्याला ‘एकचश्म’, पाऊण दिसणाऱ्याला ‘डेढचश्म’ आणि समोरून दिसणाऱ्याला ‘दोचश्म’ म्हणत. एकचश्म चेहऱ्यात कपाळ, नाक, ओठ आणि हनुवटी यांची एकच सलग रेषा मिळते, आणि ओळख पटवायला तीच रेषा सर्वांत भरवशाची असते. नाण्यांवरही राजाचा चेहरा बहुधा बाजूनेच असतो. ही चित्रे इतकी प्रभावी होती, की रेम्ब्रांट या डच चित्रकाराने सतराव्या शतकाच्या मध्यास मुघल चित्रांवरून वीसहून अधिक रेखाटने केली.

तैलरंगातील व्यक्तिचित्रे आपल्याकडे कशी रुजली?

पेशवाईच्या अखेरच्या काळात जेम्स वेल्स या स्कॉटिश चित्रकाराने पुण्यात सवाई माधवराव आणि नाना फडणवीस यांचे तैलचित्र केले. १८५७ साली मुंबईत जे. जे. स्कूल ऑफ आर्ट सुरू झाले आणि प्रत्यक्ष माणूस समोर बसवून छायाप्रकाशाचा अभ्यास करण्याची शिस्त तेथून पसरली. राजा रविवर्मा (१८४८–१९०६) यांनी संस्थानिकांची व्यक्तिचित्रे रंगवली. त्यांच्या छापखान्यातील देवदेवतांच्या चित्रांनी तर सामान्यांच्या भिंतींवरही चौकट आणि काच नेली. कोल्हापुरात आबालाल रहिमान आणि बाबूराव पेंटर यांच्यामुळे ही परंपरा संस्थानाच्या आश्रयाने बहरली.

१९५६ पर्यंत बेळगाव जिल्हा मुंबई राज्यात असल्यामुळे येथील मुलांचे शिक्षण त्याच परंपरेत झाले. बेळगावचे चित्रकार के. बी. कुलकर्णी यांनी ‘चित्रमंदिर’ या आपल्या कलाशाळेत विद्यार्थ्यांच्या पिढ्या घडवल्या; येथेच १९३५ साली जन्मलेले रवी परांजपे हे त्यांचेच विद्यार्थी.

येथे एक गैरसमज दूर करतो. हातात समई घेतलेल्या स्त्रीचे, बोटांमधून लालसर उजेड झिरपणारे प्रसिद्ध चित्र अनेक घरांत रविवर्म्याचे म्हणून दाखवले जाते. ते सावंतवाडीत जन्मलेल्या सा. ल. हळदणकरांचे जलरंगचित्र आहे. त्यांची कन्या गीता त्यासाठी उभी राहिली होती आणि मूळ चित्र म्हैसूरच्या जगन्मोहन राजवाड्यात आहे. म्हैसूरला जाणाऱ्या प्रत्येकाने त्यासमोर थोडा वेळ थांबावे. मुलीने उभे राहावे, वडिलांनी रंगवावे आणि तो उजेड कागदावर इतकी वर्षे टिकावा, याहून सुंदर व्यक्तिचित्रण मला माहीत नाही.

फोटो काढण्याची सोय कधी झाली?

फ्रान्समध्ये दागेर याची फोटो काढण्याची पद्धत १८३९ साली जाहीर झाली. मुंबईत फोटोग्राफिक सोसायटी १८५४ साली स्थापन झाली, डॉ. भाऊ दाजी लाड यांचे बंधू नारायण दाजी हे तेथील आरंभीच्या भारतीय छायाचित्रकारांपैकी एक. १८५४ सालीच पॅरिसमध्ये दिस्देरी याने एकाच काचेवर अनेक लहान फोटो घेण्याच्या पद्धतीचे पेटंट घेतले. त्यामुळे फोटो स्वस्त झाला आणि राजापुरता उरला नाही.

बेळगावची एक अभिमानाची आठवण आहे. ऑक्टोबर १८९२ मध्ये परिव्राजक अवस्थेतील स्वामी विवेकानंद येथे आले, तेव्हा वनाधिकारी हरिपद मित्र यांच्या आग्रहावरून त्यांचा फोटो काढला गेला. शिकागोच्या परिषदेला अजून वर्षभर अवकाश होता, त्यामुळे त्या फोटोतील संन्याशाला जग ओळखत नव्हते. आज तो पाहताना आपण पुढचे सगळे जाणून पाहतो. फोटो काढणाऱ्याला यातले काहीच ठाऊक नव्हते.

जुन्या फोटोंत कोणीच हसत का नाही?

आरंभीच्या पद्धतीत कित्येक मिनिटे न हलता बसावे लागे, म्हणून डोक्यामागे लोखंडी आधार लावत. पुढे काही सेकंदांत काम होऊ लागले तरी लोक गंभीरच राहिले, त्यामुळे केवळ यंत्राला दोष देता येणार नाही. फोटो हा आयुष्यात एकदा-दोनदा येणारा प्रसंग होता. त्यासाठी गाडी जोडून शहरात यायचे, ठेवणीतले लुगडे नेसायचे, आणि आपल्यामागे हाच चेहरा राहणार आहे या जाणिवेने बसायचे. अशा वेळी माणूस हसत नाही. त्यातच फोटो काढल्याने आयुष्य घटते, ही समजूत पुष्कळ घरांत होती. कठड्यावर टेकलेला हात, मागच्या पडद्यावर रंगवलेले तळे आणि जिना, टेबलावरचे घड्याळ किंवा पुस्तक ही सामग्री स्टुडिओची असे. मनगटावरचे घड्याळसुद्धा कधीकधी स्टुडिओचेच असे.

आजीचे कुंकू फोटोत काळे का दिसते? ती काळे कुंकू लावत होती का?

हा प्रश्न मला सर्वांत प्रिय आहे, कारण त्याचे उत्तर रसायनात आहे. फिल्मच्या आधी कॅमेऱ्यात बसवत त्या जुन्या काचेच्या प्लेटी मुख्यतः निळ्या प्रकाशानेच पालटत. पुढे हिरवा प्रकाशही त्यांना कळू लागला, परंतु लाल रंग बराच काळ त्यांच्या लेखी अंधार होता. त्यामुळे लाल कुंकू काळेभोर उमटे आणि निळे लुगडे जवळजवळ पांढरे. सर्व रंगांना प्रतिसाद देणारी फिल्म नंतर आली आणि सर्वत्र पोचायला आणखी वेळ लागला.

माझ्याकडे आलेल्या एका फोटोत नऊवारीतील बाईंचे लुगडे पांढरट दिसत होते, आणि घरच्यांनी त्यावरून त्या विधवा असल्याचे गृहीत धरले होते. भिंगाखाली पाहिल्यावर कपाळावर आडवी काळी चिरी स्पष्ट होती, गळ्यात मंगळसूत्र होते. लुगडे निळ्या रंगाचे असले पाहिजे. एका रसायनाच्या मर्यादेमुळे एका सुवासिनीला तिच्याच नातवंडांनी कित्येक वर्षे विधवा ठरवले होते.

आणखी एक खूण सांगतो. काच उलटी धरून छपाई झाली, तर चित्र डावे-उजवे बदलते. मराठी बायकांची नथ डाव्या नाकपुडीत असते. ती उजवीकडे दिसली आणि पुरुषांच्या कोटाचा उजवा पदर वर आलेला दिसला, तर फोटो उलटा छापला आहे असे समजावे.

आजोबांच्या अंगावरचा कोट खरा आहे का?

कदाचित नसेल. घरात माणूस गेला आणि त्याचा स्वतंत्र फोटो नसला, तर लग्नाच्या ग्रुप फोटोतून चेहरा उचलून एन्लार्जमेंट करत आणि मानेखालचा कोट, फेटा, उपरणे ब्रशने रंगवत. निगेटिव्हवर टोकदार पेन्सिलीने सुरकुत्या आणि देवीचे वण भरून काढणे, याला स्टुडिओत ‘टचिंग’ म्हणत. चष्म्याच्या भिंगाने पाहिले तरी कळते: चेहऱ्यावर फोटोचे बारीक कण असतात आणि गळ्याच्या खाली एकदम सपाट रंग सुरू होतो. याला फसवणूक म्हणू नये. ज्या आजोबांनी हयातीत कोट घातला नाही, त्यांना मरणानंतर तो घालणारी मुले आपल्या परीने त्यांचा मान करत होती.

म्हणजे फोटो खरा आणि चित्र काल्पनिक, असे म्हणता येणार नाही?

म्हणता येणार नाही. कॅमेऱ्यासमोर माणसाला कोण बसवते आणि कशासाठी, यावर सारे अवलंबून असते. १८६८ ते १८७५ या काळात इंग्रज सरकारने ‘द पीपल ऑफ इंडिया’ नावाचे ८ खंड छापले. त्यात भारतीय माणसांचे फोटो जात आणि जमात यांचे नमुने म्हणून मांडले आहेत. चेहरा एका माणसाचा आणि खाली नाव बहुधा जातीचे. तांत्रिकदृष्ट्या ते फोटो निर्दोष आहेत, तरीही व्यक्तिचित्राचा जो गाभा मी आरंभी सांगितला तोच त्यातून काढून घेतला आहे, आणि म्हणून ते पाहताना मला त्रास होतो.

याच्या दुसऱ्या टोकाला मतदार ओळखपत्र आहे. १९९३ पासून ते देण्यास सुरुवात झाली, तेव्हा खेड्यांतील कितीतरी वृद्ध बायका पहिल्यांदा एकट्या कॅमेऱ्यासमोर बसल्या. तो फोटो घाईत काढलेला, अंधूक, बहुधा वाईट. तरी त्याच्याखाली तिचे स्वतःचे नाव छापलेले असते. पुढे बाराव्याच्या तसबिरीसाठी तोच मोठा केला गेल्याचे मी अनेकदा पाहिले आहे.

जिवंत माणसाच्या फोटोला हार घालत नाहीत, असे का?

हार, चंदनाची माळ आणि काचेवर लावलेले गंध हे आपल्याकडे माणूस गेल्याचे चिन्ह आहे. त्या क्षणापासून तसबीर पितरांच्या पंक्तीत जाते. म्हणून जिवंत माणसाच्या फोटोला हार घातलेला वडीलधाऱ्यांना खपत नाही, आणि तो त्यांचा भाव राखावा.

मोबाईलवरील ॲपने जुना फोटो स्वच्छ करून घ्यावा का?

प्रत करून त्या प्रतीवर करावा. मूळ फोटोला हात लावू नये. पुसट झालेले डोळे ही ॲप्स अंदाजाने भरतात, आणि इतर असंख्य चेहऱ्यांवरून बनवलेले ते डोळे तुमच्या पणजीचे नसतात. घरातील लहान मुले तोच चेहरा खरा समजून वाढतील. अशा प्रतीच्या मागे ‘सुधारलेली प्रत’ असे लिहून ठेवावे. दुरुस्तीसाठी मूळ फोटो कोणाच्या हवाली करण्याआधी त्याची प्रत जरूर घ्यावी. माझ्या आजोबांचा तरुणपणीचा एकमेव फोटो एका ठिकाणी दुरुस्तीला दिला आणि तो हरवला, तेव्हापासून मी हे प्रत्येकाला सांगतो.

घरचे जुने फोटो कसे जपावेत?

आपल्याकडचा पाऊस, विशेषतः खानापूर आणि चंदगडच्या बाजूचा, हा कागदाचा मोठा शत्रू आहे. बाहेरच्या ओल धरणाऱ्या भिंतीवर तसबीर लावू नये. लावायची असेल तर चौकटीच्या मागे चारही कोपऱ्यांत बुचाचे तुकडे बसवून हवा खेळती ठेवावी. फोटो काचेला चिकटला असेल तर ओढू नये. काचेसकटच स्कॅन करून घ्यावा. बुरशी दिसल्यास ओल्या फडक्याने पुसू नये. चिकट पानांच्या प्लास्टिक अल्बमपेक्षा साध्या कोऱ्या कागदाच्या पाकिटात फोटो अधिक सुरक्षित राहतात.

आणि मागे नावे लिहावीत. बॉलपेनची शाई पुढच्या बाजूला उमटते आणि दाबल्याने चेहऱ्यावर वळ उठतो, म्हणून मऊ शिसपेन्सिल वापरावी आणि हलक्या हाताने कडेला लिहावे. बायकांची माहेरची आणि सासरची अशी दोन्ही नावे लिहावीत. लग्नात नाव बदलण्याच्या प्रथेमुळे एकच बाई माहेरच्या अल्बममध्ये एका नावाने आणि सासरच्या अल्बममध्ये दुसऱ्या नावाने असते, आणि दोन पिढ्यांनंतर तिच्या दोन बायका होतात. गाव लिहावे, प्रसंग लिहावा, साल आठवत नसेल तर ‘थोरल्याच्या मुंजीच्या वेळी’ असे लिहिले तरी चालेल.

मी हे काम आमच्या आत्याबरोबर केले. तिची नजर अधू झाली होती. फोटो डोळ्यांजवळ नेऊन ती बोट ठेवायची आणि मी मागे लिहायचो. एका फोटोवर ती बराच वेळ थांबली. “ही मी नव्हे,” ती म्हणाली, “माझी थोरली बहीण. ती गेली तेव्हा तू नव्हतास. सगळे मलाच समजतात.” मी आधी लिहिलेले आत्याचे नाव रबराने पुसले आणि तिने सांगितलेले नाव तेथे लिहिले.